मदत हवी आहे: ओट्याखालचा जुना गॅस पॉइंट कायमचा बंद कसा करायचा? (सांगली)

विश्रामबागकर:
सिलिंडर गॅलरीत आहे, तिथून तांब्याची लाइन भिंतीतून स्वयंपाकघरात येते. ओट्याचं काम काढलं तेव्हा शेगडी समोरच्या भिंतीला गेली आणि तिथं नवीन पॉइंट घेतला. जुन्या जागी छोटा पितळी व्हॉल्व्ह आणि नळी लावायचं नोझल तसंच राहिलंय. वास येत नाही. परवा सुतार त्याच्यासमोर ट्रॉल्या बसवणार. प्लंबर म्हणतो, नोझलच्या तोंडात एम-सील भरून टाकू. चालेल का?

पाना-पक्कड:
नाही चालणार. घरगुती रेग्युलेटरच्या पुढं दाब सुमारे ३० मिलिबार असतो, म्हणजे जेमतेम फूटभर पाण्याच्या उंचीएवढा. म्हणून वाटतं की काहीही भरलं तरी टिकेल. पण ओट्याखालच्या नोझलवर तेलकट थर असतो, त्यावर एम-सील नीट धरत नाही. आणि एलपीजी हवेपेक्षा दीड ते दोन पट जड असतो. बारीक गळती झाली तर गॅस ट्रॉलीच्या तळाशी साचेल, वास नाकापर्यंत उशिरा येईल.

नुसत्या व्हॉल्व्हच्या भरवशावरही राहू नका. त्याची दांडी पाव फेऱ्यात उघडते. ट्रॉली ओढताना एखादा डबा अडकला की झालं.

नोझल काढून तिथं आट्यांची पितळी डमी (तोंड बंद करणारं बूच) बसवायची, हा खरा उपाय. काढलेलं नोझलच गणपती पेठेत दुकानात न्या आणि त्याच्या आट्यांवरून डमी जुळवा, अंदाजानं आणू नका. पाण्याच्या नळाची प्लास्टिकची किंवा चकचकीत मुलाम्याची हलकी डमी घेऊ नका. टेप गॅससाठीची पिवळी, जाड घ्या.

शेगडी पेटती ठेवून रेग्युलेटर बंद करा, लाइनमधला गॅस जळून ज्योत आपोआप विझू द्या. मग शेगडीची बटणं बंद, रेग्युलेटर काढून सिलिंडरला सेफ्टी कॅप, खिडक्या उघड्या. पाने दोन लागतात: एकानं व्हॉल्व्ह धरायचा, दुसऱ्यानं नोझल फिरवायचं. एकाच पान्यानं जोर लावला तर मागची तांब्याची नळी पिळते आणि गळती भिंतीतल्या सांध्याला सुरू होते. तिथं तुमचा हातही पोचणार नाही.

जुने आटे ब्रशनं साफ करा. डमीवर टेपचे तीन-चार वेढे, टोकाकडून बघताना घड्याळाच्या दिशेनं. पहिला आटा मोकळा ठेवा, नाहीतर टेपचे तुकडे आत जातात. हातानं घट्ट झाल्यावर पान्यानं एक-दीड फेरा पुरे. जास्त पिळलं तर पितळ तडकतं. चुकून उलटी फिरवली तर काढून टेप नव्यानं गुंडाळा.

विश्रामबागकर:
नोझल व्हॉल्व्हला जोडूनच असेल, सुटत नसेल तर? आणि गळत नाही हे कसं तपासायचं?

पाना-पक्कड:
सुटत नसेल तर व्हॉल्व्हच बदलावा लागेल. तांब्याच्या नळीचं टोक फुलवून नटानं आवळलेला सांधा असेल, तर त्याला टेप लावायची नसते. तिथं धातूवर धातू बसतो, टेप मध्ये आली की सांधा बसतच नाही. हे काम एजन्सीच्या मेकॅनिककडूनच करून घ्या.

तपासणीत सगळे एकच चूक करतात: जुना व्हॉल्व्ह बंद ठेवून साबण लावतात. त्यानं डमीची परीक्षा होतच नाही. रेग्युलेटर जोडून चालू करा, शेगडी बंद ठेवा आणि हा व्हॉल्व्ह उघडा. अर्धा कप पाण्यात चमचाभर भांड्याचं लिक्विड घालून ब्रशनं डमीच्या कडेला, व्हॉल्व्हच्या दांडीच्या मुळाशी आणि मागच्या नटाला लावा. लावतानाचा फेस पुसून घ्या, मग दोन मिनिटं बघा. फुगत जाणारा बुडबुडा म्हणजे गळती. कुठंच बुडबुडा फुगला नाही की व्हॉल्व्ह बंद करा, म्हणजे डमीच्या मागं दुसरा अडसर झाला. काडी पेटवून कधीही बघू नका.

कृष्णाकाठ:
दादा, मी तर फाटाच काढा म्हणेन. जुन्या पॉइंटला जाणारी नळी जिथं टी-जोडावर फुटते, तिथंच बंद केली तर भिंतीत गॅस भरलेली बिनकामाची लाइन उरत नाही. पुढं कुणी खिळा ठोकला तरी धोका नाही. ते डाग देऊन (धातू वितळवून सांधा भरून) करायचं काम आहे, मेकॅनिकनंच करावं. आणि नळाचा पीएनजी असेल तर यातलं काहीच स्वतः करायचं नाही, कंपनीला बोलवायचं.

२०१९ आणि २०२१ च्या पुरात ज्यांच्या तळमजल्यात पाणी शिरलं, त्यांच्यासाठी आणखी एक: उघड्या नोझलमधून गाळ लाइनमध्ये जातो. पाण्यात बुडालेला रेग्युलेटर आणि नळी वाळवून वापरू नका, बदला.

विश्रामबागकर:
उद्या सकाळी मेकॅनिकला बोलावलंय, फाटाच काढून घेतो. सुतार दोन दिवस थांबेल.

पाना-पक्कड:
उत्तम. तरी सुताराला त्या ट्रॉलीच्या मागची फळी स्क्रूनं बसवायला सांगा, खिळ्यांनी नको, आणि खाली हवेला फट ठेवायला सांगा. मधेच वास आला तर रेग्युलेटर बंद, दारं-खिडक्या उघड्या. दिव्याचं किंवा एक्झॉस्टचं बटण चालू-बंद काहीच करायचं नाही. बाहेर जाऊन १९०६ ला फोन करा.