दर पॅचला ‘कसब मेलं’ म्हणणाऱ्यांना एका सपोर्टचं उत्तर

रामबागचा_सपोर्ट, इंदूर

डोटा या पाच विरुद्ध पाच जणांच्या ऑनलाइन खेळाबद्दल परवा इथेच एकाने लिहिलं: ‘डोटाचा प्रत्येक पॅच (नियम बदलणारं अपडेट) म्हणजे आम्ही वर्षानुवर्षं कमावलेलं कसब रद्दीत. खेळ एकदा नीट बसला की बुद्धिबळासारखं त्याला कुलूप लावावं. बदल मागतात ते हरणारे.’ खाली बऱ्याच जणांनी माना डोलावल्या. मला राहवलं नाही.

मी २०१३पासून पाच नंबर, म्हणजे बाकीच्यांना आधार देणारा सपोर्ट, खेळतो. माझ्या पैशांनी कुरिअर (सामान पोचवणारा प्राणी) घ्यायचं मी, वॉर्ड (नकाशावर नजर ठेवणाऱ्या वस्तू) घ्यायचे मी, स्मोक (संघाला लपवणारा धूर) घ्यायचा मी. पंचविसाव्या मिनिटाला अंगावर काय, तर साधे बूट आणि स्वस्तातली मॅजिक स्टिक. वर मधल्या रस्त्यावर खेळणारा मिडवाला विचारणार, ‘तू करतोस काय?’ नोव्हेंबर २०१९मध्ये पॅच ७.२३ आला आणि प्रत्येकाला स्वतःचं कुरिअर मिळालं. आता ऑब्झर्व्हर वॉर्डही फुकट मिळतात. माझी ग्लिमर केप (सोबत्याला अदृश्य करणारी वस्तू) वेळेवर येऊ लागली आणि मी चालू मारामारीतून माणसं वाचवू लागलो. हात तोच होता, डोकं तेच होतं, फक्त माझ्या जागेला खेळाने पहिल्यांदा पैसे दिले. २०१८ला कुलूप लावलं असतं तर मी आजही संघाचा हमालच राहिलो असतो. हे कुणाचं कसब रद्दीत गेलं, सांगा.

आणि ‘हरणारे बदल मागतात’? २०१४च्या इंटरनॅशनलची, म्हणजे डोटाच्या जागतिक स्पर्धेची, फायनल आठवा. न्यूबीने विची गेमिंगला ३-१ हरवलं. पाच जण लवकर एकत्र यायचे, टॉवर पाडायचे, बराकी पाडायच्या, संपलं. सुरुवातीला मागे पडलेल्याला परतायची वाटच नव्हती. न्यूबीचा दोष नाही, त्या वेळचा सगळ्यात चांगला डाव ते खेळले. म्हणून तर खेळच बदलावा लागला. सप्टेंबरात पॅच ६.८२ आला. मागे पडलेल्या संघाने पुढच्याला मारलं की सोनं (खेळातले पैसे) जास्त मिळू लागलं.

लष्करकर, ग्वाल्हेर

अर्धीच गोष्ट सांगितलीत. ६.८२चं ते सोनं इतकं वाढवलं होतं की पुढे असणं हीच शिक्षा झाली. मागोमाग छोटे पॅच काढून ते कमी करावं लागलं. डिसेंबरात ६.८३ आला आणि पुढचे चार महिने आम्ही काय बघितलं? स्नायपर आणि ट्रोल, हेच दोन हिरो (खेळातली पात्रं). हाय ग्राउंडवर, म्हणजे तळाच्या उंचवट्यावर, बसून स्नायपर लांबून गोळ्या घालतोय आणि तुम्ही दारात उभे. एक कंटाळवाणा डाव काढून दुसरा आणला, याला तुम्ही समतोल म्हणता?

ते पोस्ट माझं नाही, पण त्यातली कुलुपाची गोष्ट मला पटते. स्टारक्राफ्ट ब्रूड वॉर या युद्धाच्या खेळात २००१च्या पॅच १.०८नंतर युनिटांच्या ताकदीला हात लावलेला नाही. झर्ग जातीपुढे प्रोटॉस जातीने मार खायचा, हे सगळ्यांनी मान्य केलं होतं. २००७च्या एमएसएल या कोरियन स्पर्धेच्या फायनलमध्ये प्रोटॉसच्या बिसूने झर्गच्या सेव्हियरला ३-० धुतलं. आधी फोर्ज ही इमारत, लवकर दुसरा नेक्सस (तळ), मग कोर्सेअर विमानं आणि अदृश्य डार्क टेम्प्लर. प्रोटॉसला कुणी बफ (जादा ताकद) दिला नव्हता. माणसाने डोकं लावून शोधलं. दर काही महिन्यांनी कंपनीच उत्तर हातात देणार असेल तर शोधायचं कुणी?

मी हे पुस्तकी बोलत नाही. कॉलेजच्या स्पर्धेसाठी आम्ही पाच जणांनी तीन महिने डोटाचे ड्राफ्ट (कोणते हिरो निवडायचे ते) बसवले होते. स्पर्धेच्या दोन दिवस आधी पॅच आला. कॅफेत दहा मशीन आणि नेटची एकच लाइन. आख्खी संध्याकाळ डाउनलोडची पट्टी बघण्यात गेली. आमचे दोन्ही मुख्य हिरो नर्फ (कमजोर) झाले आणि पहिल्याच फेरीत आम्ही घरी आलो. आमचा कॅरी (शेवटी डाव जिंकून देणारा मुख्य खेळाडू) त्यानंतर खेळलाच नाही.

रामबागचा_सपोर्ट, इंदूर

तुमच्या कॅरीचं वाईट वाटलं, मनापासून. पण ब्रूड वॉरचं उदाहरण देताना नकाशे कुठे गेले? कोरियात हंगामागून हंगाम नवे नकाशे यायचे. एखादी जात फार जिंकू लागली की चिंचोळे रस्ते, खनिजं, दुसऱ्या तळाची जागा बदलून तोल साधायचे. तो पॅचच झाला ना, फक्त कंपनीऐवजी स्पर्धा भरवणारे काढत होते. कुलूप कुठेच नव्हतं.

लष्करकर, ग्वाल्हेर

नकाशा बदलला तरी माझा झीलट (प्रोटॉसचा सैनिक) झीलटच राहतो. डोटाच्या ७.३६ने काय केलं? प्रत्येक हिरोला जन्मजात शक्ती दिली, वर फॅसेट (निवडायचे पर्याय) दिले. सगळे हिरो एका रात्रीत परके झाले. दोन्ही एकच म्हणू नका.

सयाजीबाग, बडोदे

मला दोघांनाही काही सांगायचंय. मी नोकरी करते, घरी लहान मुलगी आहे, खेळायला रात्री दीड तास मिळतो. मीही सपोर्टच. कोणत्या झाडामागे वॉर्ड ठेवला की कुठपर्यंत दिसतं, हे मला डोळे मिटून माहीत होतं. २०२३च्या ७.३३ने नकाशा सुमारे ४० टक्क्यांनी वाढवला, कोपऱ्यांत ट्विन गेट (एकातून शिरून दुसऱ्यातून निघायची दारं) आणले, रोशन या राक्षसाला दोन जागा दिल्या. माझी सगळी झाडं गेली. ज्याला दिवसाचे आठ तास आहेत तो आठवड्यात नवा नकाशा शिकतो, मला चार महिने लागले. रामबागवाले, तुमच्या कुरिअरचा फायदा मलाही झाला. पण हे पॅच कसबाला मारत नाहीत, वेळ नसलेल्याला मारतात. यावर कुणी बोलत नाही.

छप्पनवाला, इंदूर

भिया लोक, नियम बदलले की डाव बदलतो, हे काय फक्त डोटातच होतं? ऑक्टोबर २०११पासून वन-डेत दोन्ही टोकांना वेगळा नवा चेंडू आला. डिसेंबरात आमच्या होळकर स्टेडियमवर सेहवागने २१९ ठोकले. रडत बसले का कुणी? बॅटिंगची नवी रीत आली, लोकांनी डोक्यावर घेतली.

लष्करकर, ग्वाल्हेर

धन्यवाद, माझाच मुद्दा तुम्ही मांडलात. ग्वाल्हेरला २४ फेब्रुवारी २०१०ला सचिनने १४७ चेंडूंत नाबाद २०० केल्या, त्या जुन्या नियमात, समोर दक्षिण आफ्रिकेचा वेगवान स्टेन असताना. कॅप्टन रूपसिंह स्टेडियमवर मी बाबांबरोबर होतो. शेवटची धाव झाली तेव्हा बाबा रडत होते. ते पहिलं द्विशतक. त्यानंतर नियम बदलला आणि द्विशतकांचा भाव उतरला. तुमच्या मैदानाच्या बाउंड्रीवर मी बोलत नाही.

छप्पनवाला, इंदूर

बाउंड्रीवर बोलाच! वेस्ट इंडीजही त्याच मैदानावर खेळली ना? त्यांच्यातल्या कुणी का नाही मारले २१९? आणि जुन्या नियमातही चौतिसाव्या षटकानंतर चेंडू बदलायचेच, २००७पासून. तुमच्या सचिनलाही बदललेलाच चेंडू मिळाला होता. इंदूरचं काही मोठं झालं की ग्वाल्हेरच्या पोटात दुखतं.

सयाजीबाग, बडोदे

‘पहिलं द्विशतक’ म्हणणं आधी थांबवा. वन-डेतलं पहिलं द्विशतक बेलिंडा क्लार्कचं, १९९७, मुंबईत, डेन्मार्कविरुद्ध, नाबाद २२९. सचिनच्या बारा वर्षं आधी. दर वेळी हे मलाच का सांगावं लागतं?

लष्करकर, ग्वाल्हेर

बरोबर. पुरुषांमधलं पहिलं. चूक माझी.

पण छप्पनवाले, चौतीस षटकांनी जो चेंडू द्यायचे तो वापरलेला असायचा. दोन नव्या चेंडूंत प्रत्येक चेंडू जेमतेम पंचवीस षटकं वापरला जायचा. तो जुना व्हायचाच नाही, रिव्हर्स स्विंग व्हायचा नाही. वकार युनूसचा यॉर्कर बघून मी मोठा झालो. मी स्वतः टेनिस बॉलला टेप लावून तेच करायचो. ती कला वन-डेतून एका नियमाने पुसली. शेवटी आयसीसीने २०२५मध्ये ठरवलं की चौतीस षटकांनंतर दोनपैकी एकच चेंडू वापरायचा. चौदा वर्षं लागली. तेवढ्या वर्षांत एक आख्खी पिढी रिव्हर्स न शिकता मोठी झाली, ती परत कशी आणणार? डोटातही मला हीच भीती वाटते. पॅच मागे घेता येतो, खेळणारे परत येत नाहीत.

रामबागचा_सपोर्ट, इंदूर

हे मात्र मला आधी सुचलं नव्हतं. चूक सुधारायला चौदा वर्षं लागली, म्हणून नियम गोठवावेत असं मला पटत नाही. मी उलट म्हणेन की लवकर सुधारायला हवं होतं. ६.८२चं सोनं काही दिवसांतच कमी केलं, हे तुम्हीच वर लिहिलंत. पण तुमचा कॅरी आणि सयाजीबागताईंची झाडं, यांवर माझ्याकडे उत्तर नाही. छोट्या छोट्या दुरुस्त्या होत राहाव्यात, नकाशा हलवणारा मोठा पॅच वर्षातून एकदाच यावा, आणि स्पर्धेच्या आधी महिनाभर कशालाच हात लावू नये, एवढं मी मान्य करतो.

लष्करकर, ग्वाल्हेर

महिना नाही, दोन महिने. आणि कुरिअर दिलं ते बरोबर केलं, तेवढं मीही मान्य करतो. मी कॅरी खेळायचो. आमच्या पाच नंबरला मी कधी वॉर्डचे पैसे दिले नाहीत.

सयाजीबाग, बडोदे

शनिवारी रात्री साडेदहानंतर मी असते. नव्या नकाशावर वॉर्ड कुठे ठेवायचे ते दाखवते. लष्करकर, तुमच्या कॅरीलाही विचारा.