मदत हवी आहे: फोर्जिंग हातोड्याच्या रात्रपाळीविरुद्ध दंडाधिकारी की हरित लवाद?

बेळगावात औद्योगिक वसाहतीला लागून आमची गल्ली, मध्ये फक्त एक भिंत. पलीकडचा फोर्जिंग हातोडा (तापलेलं लोखंड ठोकून आकार देणारं यंत्र) रात्री 11 ते 4 चालतो. प्रत्येक ठोक्याला खिडकीच्या काचा थरथरतात, फडताळातली भांडी वाजतात.

2000 च्या ध्वनी नियमांप्रमाणे निवासी भागात रात्री 10 ते सकाळी 6 मर्यादा 45 डेसिबल; त्यापेक्षा 10 किंवा जास्त वाढल्यास नियम 7 खाली तक्रार करता येते. गच्चीवर मोबाईलवर 64-66 दिसतात, पण ॲपचा आकडा पुरावा म्हणून टिकणार नाही, हे माहीत आहे. शिवाय सरासरी काढली की दोन ठोक्यांमधली शांतता आकडा खाली ओढते.

मालकाशी बोलणं झालं. हातोड्याच्या पायाखाली कंपनरोधक पॅड बसवायला तयार नाहीत. पोलीस आणि प्रदूषण मंडळाकडे कन्नडमध्ये अर्ज दिलेत, पोच आहे. मोजमाप एकदाच झालं, तेही दुपारी, हातोडा बंद असताना. कारखाना बंद पाडायचा नाही, गल्लीतलीच पोरं तिथं कामाला आहेत. रात्री हातोडा थांबावा, एवढंच.

बीएनएसएस म्हणजे भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 152 (सार्वजनिक उपद्रव हटवण्याचा आदेश) खाली कार्यकारी दंडाधिकाऱ्यांकडे जावं, की चेन्नईच्या हरित लवादाकडे? लवादाची सहा महिन्यांची मुदत त्रास पहिल्यांदा सुरू झाल्यापासून धरतात. पाचवा महिना चालू आहे, म्हणून घाई. दंडाधिकाऱ्यांकडे अर्ज प्रलंबित असताना ही मुदत थांबते का? आणि मान्यताप्राप्त खासगी प्रयोगशाळेनं आमच्या गच्चीवर रात्री घेतलेलं मोजमाप तिथं ग्राह्य धरतात का?