अनुभव धागा: कुत्र्यांसाठी घरी भाजलेला खाऊ

नमस्कार मंडळी. आमच्याकडे (दारव्हा तालुका, यवतमाळ) कुत्र्याला भाकरीचा तुकडा टाकल्याशिवाय कोणी पानावर बसत नाही. आजीची ही शिस्त अजून चालू आहे. भाकरी घेऊन पळणाऱ्या कुत्र्यामागे तुपाची वाटी घेऊन धावलेले नामदेव महाराज आपण सगळे ऐकत मोठे झालो. पण उरलेला तुकडा वेगळा आणि त्याच्यासाठी मुद्दाम भाजलेला खाऊ वेगळा. हा धागा त्या दुसऱ्या गोष्टीसाठी आहे.

आमच्या घरी ओव्हन नाही, बऱ्याच जणांकडे नसेल. तरी माझ्या मोतीसाठी मी जे करते ते सांगते. ज्वारीचं पीठ दोन वाट्या, कणीक एक वाटी, शिजवून कुस्करलेलं कोहळं (लाल भोपळा) साधारण एक वाटी, एक अंडं, भाजलेल्या शेंगदाण्याचं कूट दोन चमचे. मीठ नाही, साखर नाही, सोडा नाही. नुसत्या ज्वारीला बांधून ठेवणारा चिकटपणा नसतो, म्हणून कणीक आणि अंडं लागतंच, नाहीतर वड्या तव्यावरच फुटतात. गोळा घट्ट हवा. अर्धा बोट जाड थापून सुरीने चौकोन कापायचे, बिडाच्या तव्यावर अगदी मंद आचेवर झाकण ठेवून दोन्हीकडून भाजायचे. मग लाकडं ओढून घ्यायची आणि तवा रात्रभर चुलीवरच राहू द्यायचा. या शेवटच्या पायरीला घाई चालत नाही. वरून खरपूस आणि आतून ओली राहिलेली वडी पावसाळ्यात लवकर बुरशी धरते.

दाण्यांबद्दल एक: कुजकट, काळपट, बुरशी आलेले दाणे "जनावरालाच तर द्यायचेत" म्हणून कुटात टाकू नका. त्या बुरशीतलं अफ्लाटॉक्सिन कुत्र्याचं यकृत खराब करतं. जो दाणा आपण तोंडात टाकणार नाही, तो त्यालाही नको.

आता तुम्ही लिहा. काय भाजता, कशावर भाजता, कुत्र्याने काय आवडीने खाल्लं, काय हुंगून सोडून दिलं. रीत साधी असली तरी लिहा.

संत्राबाग (मोर्शी)

छान धागा. आमच्याकडे दिवाळीआधी आणि उन्हाळ्याच्या सुट्टीत घरची कणीक, तूप, साखर घेऊन बेकरीत जायचं आणि किलोवर मजुरी देऊन बिस्किटं भाजून आणायची पद्धत आहे. आई दोन डबे भरून आणते. माझी धाकटी बहीण एकदा भट्टीवाल्या काकांना म्हणाली, "काका, आमच्या राजासाठी एक ट्रे लावाल का?" काका म्हणाले, "लावतो ना बाई, पण सगळ्यात शेवटी. तुह्या राजाले मंद आचच पाह्यजे." आणि खरंच तसं आहे. माणसांची बिस्किटं निघाली की भट्टी हळूहळू उतरत असते, त्या उतरत्या उष्णतेत कुत्र्यांचा ट्रे तासन्‌तास राहिला तर वड्या करपत नाहीत आणि आतपर्यंत वाळतात. दुसऱ्या दिवशी सकाळी आणायला जायचं. काका ट्रेला डालडा न लावता कोरडं पीठ भुरभुरतात, हे त्यांनी स्वतःहून सुरू केलं.

आमचं मिश्रण: उकडलेलं रताळं, कणीक, हरभऱ्याच्या डाळीचं पीठ थोडं, आणि ताकाच्या तळाशी बसलेला घट्ट साका. बेसन जास्त झालं की राजाला पोटात वारा धरतो, म्हणून मूठभरच.

संत्र्याबद्दल लोक विचारतात. राजा बागेत पडलेली संत्री स्वतः सोलून खातो. गराच्या एक-दोन फोडींनी काही होत नाही, साल आणि बिया मात्र नकोत. बागेतला मोठा धोका वेगळाच आहे. खत म्हणून एरंडीची ढेप टाकतात ना, तिचा वास कुत्र्यांना ओढतो आणि तिच्यात रायसिन नावाचं जहाल विष राहिलेलं असू शकतं. ढेप टाकली की लगेच मातीत मिसळायची, पोती बंद खोलीत ठेवायची, आणि त्या दिवसांत राजाला बांधून ठेवायचं, असा आमच्या घरचा नियम आहे.

जागली (महागाव)

आमचं वावर जंगलाले लागून हाये. तूर शेंगेवर आली का रानडुकरं येतेत, मंग जागलीले जाच लागते. संगं वाघ्या आन् चांदी. रातच्याले शेकोटी असतेच. गोवऱ्याचे इंगळ पडले का त्यायच्यासाठी गाकर लावतो. जाडी भरडी कणीक, त्यात उकडलेली कोंबडीची कलेजी बारीक करून. मीठ नाही, तेल नाही. बोटभर जाड थापाचा, इंगळावर दोन्हीकून शेकाचा, मंग गरम राखेत दाबून द्याचा. सकाळी राख झाडून पुसून घेतली का टणक झालेला असते. त्याचे नखाएवढे तुकडे करून खिशात.

हा खाऊ लाडासाठी नाही, कामासाठी हाये. कुत्रं अंधारात डुकरामांगं लागलं का शिट्टीवर वापस आलं पाह्यजे. नाही आलं त डुकराचा सुळा पोटात जाते. शेजारच्या वावरातल्या कुत्र्याचं तसंच झालं, टाके घालून कसंबसं वाचलं. म्हणून वाघ्या पिल्लू होता तवापासून एकच सवय लावली. शिट्टी, आला, तुकडा. उशिरा आला तरी तुकडा. मारलं का रागावलं का कुत्रं येत नाही मंग, दुरूनच पाहत राह्यते. आता दोघंबी कितीही रंगात असले तरी शिट्टी आयकली का पयत येतेत.

पांढरी कपाशी (पुसद)

जागलीदादा, फार उपयोगाचं लिहिलंत. माझा प्रश्न: गूळ चालतो का? आणि सासूबाई गोचीड होऊ नये म्हणून पिठात लसूण ठेचून घालायला सांगतात. घालू का? त्या चाळीस वर्षं जनावरं सांभाळतात, त्यामुळे त्यांना नाही म्हणणं अवघड जातं.

कारंजेकर (कारंजा लाड)

मी नागपूरला पशुवैद्यकीय महाविद्यालयात शिकते, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

लसूण नको. कांदा आणि लसूण एकाच कुळातले. त्यांतल्या गंधकाच्या संयुगांनी कुत्र्याच्या तांबड्या रक्तपेशी फुटतात. कच्चा, शिजवलेला, वाळवून पूड केलेला, कसाही असो. त्रास लगेच दिसत नाही, काही दिवसांनी हिरड्या फिकट पडतात, लघवी तांबूस होते, तोवर लसणाची आठवणही कोणाला राहत नाही. सासूबाईंना असं सांगा की गोचिडासाठी अंगावर लावायचं आणि पोटात द्यायचं चांगलं औषध आता दवाखान्यात मिळतं. त्यांचा हेतू गोचीड घालवण्याचा आहे, तो औषधाने पूर्ण होतो.

गूळ विष नाही, पण काही गरज नाही. कोहळ्याचा, रताळ्याचा गोडवा कुत्र्याला पुरतो.

मनुका, किसमिस, द्राक्षं एकही नको. त्याने मूत्रपिंडं निकामी होऊ शकतात आणि किती खाल्ल्यावर होईल याचा नेम नाही. त्यामागे टार्टारिक आम्ल असावं असा अलीकडचा अंदाज आहे, आणि ते चिंचेतही भरपूर असतं. आपल्याकडे बांधावर चिंच असतेच, तेव्हा चिंचेचा गोळा कुत्र्यापासून लांब ठेवा. चॉकलेट नको हे आता बहुतेकांना माहीत आहे. बाजारचं पीनट बटर वापरणार असाल तर त्यात झायलिटॉल (साखरेऐवजी घालतात तो गोड पदार्थ) नाही ना, ते वाचा. त्याने कुत्र्याची रक्तातली साखर झपाट्याने उतरते. धागाकर्तीचं घरचं कूट सगळ्यांत बरं.

आपल्या भागासाठी सगळ्यांत महत्त्वाचं: सरकीची ढेप. गाय-म्हैस खाते म्हणून ती खाऊच्या पिठात मिसळणारे मी पाहिले आहेत, "ताकद येते" म्हणून. सरकीत गॉसिपॉल असतं. गाई-म्हशींच्या कोठीपोटात ते बरंचसं निष्प्रभ होतं, कुत्र्याचं पोट तसं नाही. रोज थोडं थोडं गेलं तरी ते साचून हृदयावर परिणाम करतं.

आणि भाकरी. कुत्रा मांसाहारी, त्याला धान्य कशाला, असं हल्ली खूप वाचायला मिळतं. 2013 साली स्वीडनच्या संशोधकांनी 'नेचर'मध्ये दाखवलं की पिष्ट पचवणाऱ्या जनुकाच्या प्रती लांडग्यापेक्षा कुत्र्यात कितीतरी जास्त असतात. माणसाच्या वस्तीत राहून तो आपलं अन्न पचवायला शिकला आहे. म्हणजे ज्वारी पचते. पण नुसत्या भाकरीवर त्याचं भागत नाही, अंडी, मासे, मांस यांतली प्रथिनं लागतात. खाऊतून दिवसभराच्या उष्मांकांच्या दहा टक्क्यांहून जास्त जाऊ नये, बाकी पोट जेवणाने भरावं.

संत्राबाग (मोर्शी)

कारंजेकर, ढेपेचं वाचून गोठ्यात जाऊन आलो. पोतं उघडंच होतं. आता पिंपात भरून झाकण लावलं.

तलावकाठ (अर्जुनी मोरगाव)

आमच्या गोंदिया जिल्ह्यात ज्वारी कमी, भात जास्त. गावात मालगुजारी तलाव आहे, त्यामुळे मासळी घरोघरी. गिरणीवर तांदळाची कनकी स्वस्त मिळते, तीच आमचं पीठ. कनकी मऊ शिजवून गार करायची, त्यात उकडून काटे काढलेली मासळी किंवा वाळलेले झिंगे भरडून, आणि अंडं. झिंगे बिनमिठाचे, घरी वाळवलेले. मिठात वाळवलेले बाजारचे मी घेत नाही. हाताने चपटे गोळे करून जाड बुडाच्या गंजात, खाली रेती पसरून, वर ताटलीत ठेवून, झाकण लावून भाजते. गोळे वरून सोनेरी झाले की उतरवायचे.

मी हे ज्या कुत्रीसाठी शिकले तिचं नाव काजळ. ती म्हातारी झाली, दात गेले, आणि कडक काही चावता येईना. सगळे म्हणत, आता दूधभात द्या. पण दुधाने तिला जुलाब होत. बऱ्याच मोठ्या कुत्र्यांना दूध पचत नाही हे दवाखान्यात सांगितलं. मग मी हेच गोळे कोमट पाण्यात भिजवून मऊ करून देऊ लागले. माशाचा वास सुटला की ती उठून उंबऱ्यापर्यंत यायची. शेवटच्या दिवसांत तिने बाकी सगळं सोडलं होतं, हे मात्र माझ्या हातून खायची. आता तिची नात आहे घरात, तिला दात आहेत, तिला कडक देते.

मोहफुलं वाळत घालतो तेव्हा मात्र कुत्र्यांना त्यांच्यापासून दूर ठेवा. आंबलेला मोह त्यांच्या पोटात गेला तर जिवावर बेतू शकतं. कच्चं यीस्टचं पीठही तसंच, पोटात फुगतं आणि त्यातून दारू तयार होते.

उन्हाळवाट (वरोरा)

चंद्रपूरच्या मे महिन्याचा उपयोग करून घ्या मंडळी. पारा पंचेचाळीसच्या वर, हवा कोरडी. सरगुंडे, पापड घालतो तिथंच एक बाज कुत्र्यांसाठी. रताळ्याचे काप वाफवून, बारीक जाळीच्या कपड्याखाली वाळवायचे. कडक चामट होतात, चावायला बराच वेळ लागतो. कलेजी कच्ची वाळत घालू नका, आधी पूर्ण उकडून मगच, नाहीतर माशा बसतात आणि जंतू राहतात. कलेजी थोडीच द्यावी, तिच्यात अ जीवनसत्त्व फार असतं, रोज जास्त दिली तर ते अंगात साठतं. शिजवलेलं हाड कधीच नाही, त्याच्या धारदार चिरफळ्या होतात.

पांढरी कपाशी (पुसद)

कारंजेकर, सासूबाईंना मोठ्याने वाचून दाखवलं. थोडा वेळ गप्प राहिल्या, मग म्हणाल्या, "मंग लसणाऐवजी जवस टाक." जवस चालेल?

कारंजेकर (कारंजा लाड)

चालेल. भाजून, दळून, गोळ्याला एक लहान चमचा. कच्चे नकोत आणि अख्खे नकोत, अख्खे तसेच बाहेर पडतात. सासूबाईंना माझा नमस्कार सांगा.

गोठाघर (रिसोड)

जंताच्या गोळीसाठी एक युक्ती. वड्या थापतानाच काहींना मधे अंगठ्याने खळगा करून भाजते. औषधाच्या दिवशी गोळी खळग्यात ठेवून वरून कुस्करलेल्या कोहळ्याने बंद. आधी दोन रिकाम्या वड्या द्यायच्या, तिसरी औषधाची, लगेच चौथी समोर धरायची. चौथीच्या ओढीने तिसरी न चावता जाते. गोळी पिठात घालून भाजू नका, उष्णतेने औषध खराब होऊ शकतं. रेबीजच्या लसीच्या वेळीही हाच खाऊ सोबत नेते. आमचा शेरू पूर्वी दवाखान्याच्या फाटकातच आडवा पडायचा, आता स्वतः आत जातो.

धागाकर्ती

किती मनापासून लिहिलंत सगळ्यांनी. रेतीवर भाजायची रीत या आठवड्यात करून पाहते. चार-पाच जणांनी वेगळं विचारलं म्हणून इथेच सांगते: कडक वाळलेल्या वड्या स्टीलच्या घट्ट डब्यात उन्हाळ्यात तीन आठवडे, पावसाळ्यात आठवडाभर. मासळी किंवा कलेजी असेल तर दोन-तीन दिवसांत संपवा. डब्यात ओला हात घालायचा नाही. पावसाळ्यात वड्या मऊ पडल्या पण वास चांगला असेल तर पुन्हा तव्यावर शेकून घ्या. ठिपका दिसला तर पूर्ण डबा टाकायचा, आणि उकिरड्यावर नाही, पुरून टाकायचा, म्हणजे गावातली दुसरी कुत्री खाणार नाहीत.

जागली (महागाव)

ताई, कोहळं संपलं त काय टाकाचं?

धागाकर्ती

दादा, गाजर किसून, नाहीतर दुधी किसून पिळून. दुधी आधी जिभेवर लावून बघा, कडू लागला तर फेकून द्या. पाणी जितकं कमी, तितका गाकर लवकर वाळेल.