'हॅल्सियन' दिवस म्हणजे नेमके कसले?

प्रश्न: एका इंग्रजी आत्मकथनाचा अनुवाद करतेय. लेखिका बालपणाला 'हॅल्सियन' म्हणते. शब्दकोशात 'शांत' दिलंय. पण नुसतं 'शांत बालपण' लिहिलं की वाक्य निर्जीव होतं. काय करू?

उत्तर १: 'सुखाचे दिवस' लिहा. चालेल.

उत्तर २: मी पक्षीनिरीक्षक आहे, त्यामुळे हा शब्द माझ्या फार जवळचा. ग्रीक पुराणकथेत वाऱ्यांचा अधिपती इओलस, त्याची मुलगी अल्सायोनी; 'हॅल्सियन' हा शब्द तिच्याच नावाशी जोडलेला. तिचा नवरा सीइक्स जहाज फुटून बुडाला. देवांनी दोघांना खंड्या पक्षी केलं. ऐन हिवाळ्यात ती समुद्रावर अंडी उबवते तेव्हा बाप वारे कोंडून ठेवतो आणि पाणी निश्चल होतं. तेच हॅल्सियन दिवस. परंपरेने ते १४ मानतात, सर्वात लहान दिवसाच्या आधी ७, नंतर ७. (खरा खंड्या मातीच्या दरडीत बीळ करून अंडी घालतो.) पांढऱ्या छातीच्या खंड्याची प्रजाती शास्त्रीय नावात 'हॅल्सियन'च, आणि तिबोटी खंड्याची 'सीइक्स'! नवरा-बायको दोघंही तिथे आहेत, हे कळलं तेव्हा मला भरून आलं होतं.

म्हणून हा शब्द नुसत्या शांततेचा नाही. दोन वादळांमधल्या उसंतीचा आहे. आज तो बहुधा सरलेल्या सुखाबद्दल, मागे वळून बघताना येतो. तुमच्या लेखिकेच्या आयुष्यात पुढे वादळ आहे का?

प्रश्नकर्ती: आहे. पुढच्याच प्रकरणात वडील जातात. 'वारा पडलेले ते दिवस' कसं वाटतं?

उत्तर २: हेच ठेवा.