शब्दचर्चा: फाइल ‘मूळ’ असते का, आणि ती कोणाची?

प्रश्न: नाशिकला लग्नाची फोटोग्राफी करतो. गिऱ्हाईक म्हणतं, “मूळ फाइली द्या.” पेन ड्राइव्हवर टाकून देतो, माझ्या हार्ड डिस्कवरही त्या राहतातच. दोन्हींत तसूभर फरक नाही. मग ‘मूळ’ कुठली? बिलावर काय लिहू?

उत्तर: गिऱ्हाईक ‘मूळ’ म्हणतं ते ‘काही न केलेली’ अशा अर्थानं, म्हणजे रॉ फाइल. ‘पहिली’ या अर्थानं नाही. निगेटिव्हच्या काळी हे दोन्ही अर्थ एकाच पट्टीत असत, म्हणून शब्द चालून गेला. आता सगळ्या प्रतीच. ‘नक्कल’ मात्र नको. तहसील कचेरीतली ‘खरी नक्कल’ सोडली तर त्या शब्दाला कमअस्सलपणाचा वास येतो.

मालकीचा गुंता मोठा आहे. सातबाऱ्याचे दहा उतारे काढले तरी जमीन एकच राहते. एनएफटीत, म्हणजे डिजिटल वस्तूच्या मालकीच्या संगणकी नोंदीत, उलटं: नोंद एक, चित्राच्या प्रती वाटेल तेवढ्या. २०२१ मध्ये बीपल या कलाकाराचं डिजिटल चित्र क्रिस्टीजच्या लिलावात ६.९३ कोटी डॉलरला गेलं. ते चित्र आजही कुणालाही फुकट पाहता येतं, उतरवून घेता येतं. घेणाऱ्याच्या हाती आली ती ब्लॉकचेनवरची, म्हणजे अनेक संगणकांवर एकत्र ठेवलेल्या वहीतली, नोंद. तिला ‘दुर्मीळ’ म्हणणं मला पटत नाही. दुर्मीळ वस्तू शोधूनही सापडत नाही. इथे संख्या मुद्दाम रोखलेली असते, ही ‘कृत्रिम टंचाई’. कांद्याच्या बातम्या वाचणाऱ्या आपल्या जिल्ह्याला हा शब्द शिकवायला नको.

दुसरं उत्तर: ई-पुस्तकही आपण ‘विकत घेतलं’ म्हणतो. २००९ मध्ये अ‍ॅमेझॉननं ऑर्वेलची दोन पुस्तकं ग्राहकांच्या किंडलमधून (ई-पुस्तक वाचायच्या यंत्रातून) परस्पर काढून घेतली, पैसे परत केले. विकलेली वस्तू अशी घरातून उचलून नेता येते का? वर सातबारा निघालाच आहे, तर त्यावरचाच शब्द घ्या: ‘भोगवटादार वर्ग २’. वापरा, पण परवानगीशिवाय विकू नका. ई-पुस्तकात तर ती परवानगीही मिळत नाही.

प्रश्नकर्ता: फोटोंचा कॉपीराइट तरी माझाच ना?

पहिले उत्तरदाते: बहुधा नाही! कॉपीराइट कायदा १९५७, कलम १७ बघा. कुणाच्या सांगण्यावरून पैसे घेऊन काढलेल्या फोटोचा पहिला मालक, वेगळा करार नसेल तर, सांगणाराच. तेव्हा बिलावर ‘रॉ फाइलींची प्रत दिली’ एवढंच लिहा. अल्बमच्या जाहिरातीत ते फोटो वापरायचे असतील, तर ॲडव्हान्स घेतानाच तसं लिहून सही घ्या.