अनुभव धागा: 'शेरबुरच्या छत्र्या' पाहिल्यावर

मी लघुपट करते. फ्रेंच दिग्दर्शक झाक दमीचा १९६४चा हा सिनेमा शिकायला म्हणून लावला आणि सुरुवातीलाच अडले. गॅरेजमधला मेकॅनिक, नायक गी, गिऱ्हाइकाला सांगतो, इंजिन गार असताना जरा खडखडतं, पण ते चालायचंच. हे तो गाऊन सांगतो! पुढे दीड तास एक वाक्य नुसतं बोललेलं नाही. एरवी गाणं येतं ते भावना उतू गेल्यावर. इथे निरोपही गाऊन आणि पेट्रोलही गाऊन, त्यामुळे पोटात गोळा येतो तो मागाहून. तुमचे अनुभव लिहा. शेवट फोडलात तरी चालेल, साठ वर्षं झाली.

*

आजोबा संगीत नाटकवेडे. दहा मिनिटांनी म्हणाले, "अरे, पण पद कधी सुरू होणार?" वन्समोअर द्यायला जागाच सापडेना त्यांना. गी अल्जीरियाच्या लढाईवर निघतो, त्याची प्रेयसी झनव्हिएव्ह फलाटावर राहते, तेव्हा मात्र चष्मा पुसत होते. नंतर चौकशी, "गळा कुणाचा?" म्हटलं, झनव्हिएव्ह झालेली कॅथरिन दनव्ह नुसते ओठ हलवते, गाते दानिएल लिकारी. "म्हणजे आपल्यासारखंच की!"

*

मला नाही झेपला. झनव्हिएव्हची आई दुकानावरचं देणं गाते तिथे हसू फुटलं. मिशेल लग्रांची चाल मात्र आठवडाभर डोक्यात.

*

पोटुशी झनव्हिएव्ह फुलाफुलांच्या कपड्यात, मागे भिंतीवर तशीच फुलं. पोरगी भिंतीत विरत चाललेली. आमच्या फिल्म क्लबात ऐंशीच्या दशकात आलेली प्रत इतकी विटलेली की सगळंच गुलाबी, फुलं कसली दिसतायत! पुढे दमीच्या पत्नीने, आन्येस वार्दाने, सिनेमाचे रंग परत आणवले. ती प्रत पाहिली तेव्हा कुठे हे कळलं.

*

शेवटाबद्दल. बर्फ पडतोय, गीच्या पंपावर मर्सिडीज थांबते. आत झनव्हिएव्ह, शेजारी त्याचीच मुलगी. इतक्या वर्षांनी दोघं समोरासमोर, आणि पोऱ्या विचारतो, सुपर की साधं? आपल्याकडे 'साधं की पॉवर' विचारतात तसंच. मुलीला बघायचंय का, ती विचारते. तो मान हलवतो, नको.

आमचं जमलं नव्हतं त्याला अकरा वर्षं झाली होती. वाण्याकडे रांगेत तो माझ्या पुढे. वळून म्हणाला, "दहा रुपये सुट्टे आहेत का?" होते. दिले.