ड्रेन प्लग आणि फिल्टर बसवताना
गाडीचं इंजिन ऑइल बदलताना ड्रेन प्लग (इंजिनाखालच्या ऑइलच्या भांड्याचा, म्हणजे ऑइल पॅनचा, जुनं ऑइल काढायचा बोल्ट) जोर लावून आवळला की झालं, असं काही जण सांगतात, ते मला पटत नाही. ॲल्युमिनियमच्या ऑइल पॅनचे आटे असेच जातात. वॉशर नवा घाला आणि मॅन्युअलमधल्या टॉर्कवर (किती जोराने आवळायचं त्या मापावर) थांबा.

फिल्टर मात्र जास्त जपून. स्पिन-ऑन (फिरवून बसवायचा) ऑइल फिल्टर काढल्यावर जुनी रबरी रिंग इंजिनालाच चिकटून राहिली नाही ना, हे बोट फिरवून बघाच. तिच्यावर दुसरी रिंग बसली, तर इंजिन सुरू होताच ऑइल भळाभळा बाहेर येतं. नव्या रिंगला ऑइलचं बोट लावा, फिल्टर हातानेच आवळा.

आणि नुसत्या जॅकच्या भरवशावर गाडीखाली शिरू नका, गाडीला आधार देणारे जॅक स्टँड हवेतच! जुनं ऑइल गटारात अजिबात नको, डब्यात भरून रिसायकलिंगला द्या.